हार्बू, थेआ फोन

हार्बू, थेआ फोन : (२७ डिसेंबर १८८८–१ जुलै १९५४). जर्मन कादंबरीकर्त्री, पटकथालेखिका व चित्रपट-दिग्दर्शिका. जन्म बव्हेरियातील टाउपरलित्स येथे. प्रारंभी ती रंगभूमीवर अभिनेत्री होती. दास इंडिशे ग्राबमाल (१९१८, म. शी. भारतीय समाधी) ह्या कादंबरीने तिला लोकप्रियता लाभली. तीवरील योए माय दिग्दर्शित चित्रपटाची (१९२१) पटकथा तिने फ्रिट्स लांग ह्याच्यासह लिहिली. १९२२ मध्ये ती दोघे विवाहबद्ध झाली.

डी नीबेलुंगन (१९२४), मेट्रोपोलिस (१९२७), एम् (१९३१) इ. लांगच्या श्रेष्ठ चित्रपटांच्या लेखनात तिचा प्रमुख वाटा होता. मुर्नाऊ व ड्रायर ह्या दिग्दर्शकांसाठीही तिने पटकथा लिहिल्या. मेट्रोपोलिसच्या भव्य दृश्यरचनेचे श्रेय लांगला मिळाले. मालक व कामगार ह्यांच्यात हृदयाने मध्यस्थी करावी, ह्या त्यातील भाबड्या संदेशाचा दोष मात्र बहुधा हार्बूच्या माथी मारण्यात आला. वस्तुतः चित्रपटाचे यश आणि उणिवा ह्या दोहोंतही उभयतांचा सहभाग होता.

१९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले. त्याच वर्षी ह्या दांपत्याचा घटस्फोट झाला. लांगने जर्मनी सोडली. हार्बू तेथेच राहिली व पुढे नाझी पक्षाची सदस्य झाली. १९३४ मध्ये तिने एलिझाबेट उंट डेर नार आणि हाउप्टमानच्या नाटकावरील हानेलेस हिमेलफार्ट हे दोन चित्रपट दिग्दर्शित केले. परंतु ती पुन्हा पटकथालेखनाकडेच वळली. नेतृत्वपूजेचा पुरस्कार करणाऱ्या डेर हेर्शर (१९३७) ह्या चित्रपटाच्या लेखनात ती सहभागी होती. ह्याच काळात बेळगाव परिसरातून जर्मनीत गेलेले पत्रकार अयि गणपत तेंडुलकर ह्यांच्याशी तिने गुप्तपणे विवाह केला होता. वंशभेदावर उभ्या असलेल्या राजवटीची सदस्य आणि एका भारतीयाची पत्नी, ही तिच्या जीवनातील विसंगती चरित्रकारांना सतत कोड्यात टाकत आली आहे.

युद्धानंतर ब्रिटिशांनी तिला काही काळ स्थानबद्ध केले. १९५४ मध्ये बर्लिन येथे डेर म्यूडे टोट (१९२१) ह्या आपल्या जुन्या चित्रपटाचा खेळ पाहून परतताना ती पडली आणि त्या दुखापतीतून न सावरता मरण पावली. १९५९ मध्ये लांगने जर्मनीत परतून भारतीय समाधीच्या कथेवर दोन भागांत चित्रपट काढला. तिच्या राजकीय निष्ठेची गय न करताही, जर्मन मूकपटाच्या वैभवकाळातील तिचे कर्तृत्व मान्य करावे लागते.