डफावर चढलेली बेकारी

आमच्या वाळवा-शिराळ्याच्या पट्ट्यात पोराला मिसरूड फुटलं की मुंबईला धाडायची रीत होती. जिरायत रान दोन भावांना पुरायचं नाही. मामा-चुलत्याच्या वशिल्यानं गिरणीत 'बदली' मिळायची. बदली म्हणजे नोकरी नव्हे. फाटकावर रोज जाऊन उभं राहायचं, कुणा कायम कामगारानं खाडा केला तरच आत. नाहीतर गावकीच्या खोलीवर परत. खानावळीचं देणं चढत जायचं, आणि गावात सांगायचं, पोरगं गिरणीत आहे.

ही झाकलेली गोष्ट शाहिरांनी चारचौघांत मांडली. आमच्याच भागातल्या वाटेगावचे अण्णाभाऊ साठे पोटासाठी मुंबईला गेले, गिरणीत राबले. १९४४ साली अमर शेख आणि द. ना. गव्हाणकरांसोबत त्यांनी लाल बावटा कलापथक उभं केलं. डफ, तुणतुणं, ढोलकी आणि मागं 'जी जी' ओढणारे झीलकरी, एवढंच सामान. तमाशाचाच साचा, पण गवळणीच्या जागी भाकरी आणि बेकारी आली. 'माझी मैना' ही त्यांची छक्कड संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत गाजली. आमच्या बायकांना मात्र त्यात आपलाच धनी दिसायचा, कामापायी मुंबईत अडकलेला.

१८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. आमची पोरं वळकट्या घेऊन गावाला आली आणि पारावर बसून राहिली. कुणी विचारलं तर म्हणायची, रजेवर आलोय.

संपासाठी धान्य मागत एक कलापथक आमच्या गावात आलं. गॅसबत्तीच्या उजेडात शाहीर बदलीवाल्याचं गाणं म्हणाला. (आत्ताच्या डीजेनं खिडक्या हादरतात, शब्द एक कळत नाही.) मध्येच डफ थांबवून त्यानं विचारलं, "बदलीवर कोण कोण होतं रं?" आधी एक हात वर आला, मग सात-आठ. एका हाताकडं बघून बायकांतून आवाज आला, "म्हंजे तू कायम नव्हतास?" पोरगं मान खाली घालून म्हणालं, "न्हाई आई." कुणी हसलं नाही. शाहिरानं पुन्हा डफ उचलला, आणि झील त्या पोरांनीच ओढली.

त्या रात्री आमच्या घरातून दोन पायल्या जोंधळा गेला.

बहुतेक पोरं गिरणीत परत गेलीच नाहीत. पुढं रोजगार हमीवर खडी फोडताना त्यातला एकजण तेच गाणं म्हणायचा. मुकादम खेकसायचा, हजेरी मांडणारा कारकून मात्र पेन थांबवून ऐकत बसायचा.