गोंधळ कुणाच्या घड्याळातला? सोलापूरच्या काळाविषयी काही विचार

अद्भुतकथांमध्ये काळ बिघडण्याची कल्पना जुनीच आहे. एखाद्या कल्पित राज्यावर काळाचे वादळ येते, काल आणि उद्या एकमेकांत मिसळतात आणि त्यात सापडलेला माणूस भलत्याच जगात जाऊन पडतो. मराठीत जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील इतिहासाचा प्राध्यापक असाच दुसऱ्या जगात पोहोचतो. तिथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते. अशा कथा वाचताना आपण एक गोष्ट गृहीत धरतो. काळ मुळात एक आणि सरळ आहे, बिघाड हा अपवाद. सोलापूरचा एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासूनचा इतिहास पाहिला, तर हे गृहीतक तपासून घ्यावे असे वाटू लागते.

सोलापुरात आगगाडी आली ती १८६० साली. तोवर गावाची वेळ ही त्या गावच्या सूर्याची वेळ होती. सूर्य माथ्यावर आला की मध्यान्ह. मुहूर्त पाहायचा तो स्थानिक सूर्योदयापासून घटका-पळे मोजून. पृथ्वीला एक अंश फिरायला चार मिनिटे लागतात. या हिशेबाने सोलापूरची मध्यान्ह मुंबईच्या सुमारे १२ मिनिटे आधी होते आणि मद्रासच्या सुमारे १७ मिनिटे नंतर. गावे एकमेकांपासून दूर होती तोवर या फरकाने कुणाचे काही अडले नाही. १८७१ साली मुंबईहून निघालेला लोहमार्ग रायचूर येथे मद्रास रेल्वेला जाऊन मिळाला आणि प्रश्न उभा राहिला: गाडी कोणाच्या वेळेने धावणार? रेल्वेने देशभर मद्रासची वेळ स्वीकारली. म्हणजे सोलापूरच्या स्थानकावरची वेळ गावच्या सूर्याच्या १७ मिनिटे पुढे गेली. गावच्या वेळेने वेळेवर निघालेला माणूस स्थानकावर पोहोचे तेव्हा गाडी निघून गेलेली असणार. चूक कोणाची? सूर्य तर ठरल्याप्रमाणेच उगवला होता.

पुढे १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ आली. ती ८२.५ अंश रेखांशाची. सोलापूरच्या सूर्यापासून ती सुमारे २६ मिनिटे पुढे आहे, म्हणजे एका घटकेहूनही थोडी अधिक. मुंबईत हे अंतर सुमारे ३९ मिनिटांचे होते, आणि तेथे त्याच जानेवारीत गिरणी कामगारांनी नव्या वेळेविरुद्ध काम बंद पाडले. मुंबईच्या नगरसंस्थेने आपली जुनी वेळ विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत सोडली नाही. या विरोधाकडे आज आपण गमतीने पाहतो. परंतु पहाटेच्या अंधारात कामावर निघावे लागणाऱ्या माणसाला ती ३९ मिनिटे त्याच्या झोपेतून काढून घेतलेली असतात.

सोलापुरातील जुनी गिरणी १८७७ साली सुरू झाली. विजेचे दिवे येण्यापूर्वी गिरणीतला दिवस सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंतचा, म्हणून उन्हाळ्यात लांब आणि हिवाळ्यात आखूड असे. दिवे आले आणि ही नैसर्गिक मर्यादाही गेली. कापड गिरण्यांतील प्रौढ पुरुषाच्या कामाला दिवसाला बारा तासांची मर्यादा पडली ती १९११ च्या कायद्याने. तोवर दिवस किती मोठा हे मालक ठरवत असे. याच शहरात तारेच्या कुंपणामागे आणखी एक काळ होता. ‘गुन्हेगार’ ठरवलेल्या जमातींची वस्ती, जिला सोलापूरकर ‘सेटलमेंट’ म्हणून ओळखतात, तेथील दिवस हजेरीने बांधलेला होता. हजेरी चुकणे हाच गुन्हा. तो कायदा रद्द झाला ३१ ऑगस्ट १९५२ रोजी. देश स्वतंत्र झाला त्यानंतर पाच वर्षांनी. एकाच शहरातील शेजारी शेजारी राहणाऱ्या माणसांसाठी ‘१५ ऑगस्ट १९४७’ या तारखेचा अर्थ एकच नव्हता, हे आपल्या पाठ्यपुस्तकांत क्वचितच येते.

आता १९३० चा मे महिना पाहू. गांधीजींच्या अटकेची बातमी आली, शहर उसळले. ८ मे रोजी पोलिसांनी गोळीबार केला, लोकांनी पोलीस चौक्या आणि न्यायालय पेटवले, आणि पोलिसांना शहरातून माघार घ्यावी लागली. १२ मे रोजी लष्करी कायदा पुकारला गेला; तो जूनअखेरपर्यंत राहिला. गांधी टोपी घालणेही त्या काळात धोक्याचे झाले. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवडा तुरुंगात फाशी देण्यात आले. संक्रांत अगदी तोंडावर आली होती. सिद्धेश्वराच्या यात्रेचे ते दिवस. तेव्हापासून सोलापूरच्या जानेवारीत यात्रा आणि हौतात्म्य जवळजवळ हातात हात घालून येतात.

पोलीस गेल्यापासून लष्कर येईपर्यंतच्या त्या दिवसांना काय म्हणावे? सरकारच्या दृष्टीने ती अराजकाची वेळ होती, सत्तेचे घड्याळ बंद पडल्याची वेळ. सोलापूरच्या स्मृतीत तेच दिवस स्वातंत्र्याचे आहेत. ते किती होते याविषयीही एकवाक्यता नाही. कोणी तीन सांगतात, कोणी चार. मोजणी कुठून सुरू करायची, यावर ते अवलंबून आहे: पोलीस मागे हटले त्या क्षणापासून, की दुसऱ्या दिवशीच्या सूर्योदयापासून. या फरकाला इतिहासाची ढिलाई म्हणू नये. स्वातंत्र्य सुरू केव्हा होते, या प्रश्नाची ही दोन वेगळी उत्तरे आहेत.

त्या दिवसांत हिंसा झाली, माणसे मेली, पोलीसही मेले. स्मृतीच्या तेजाने हे झाकून टाकणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. तरीही ‘अराजक’ हा शब्द इतिहासकाराने सरकारी कागदातून उचलून जसाच्या तसा वापरू नये. तो शब्द घटनेचे जेवढे वर्णन करतो, तेवढीच तो वापरणाऱ्याची जागाही सांगतो.

अद्भुतकथेकडे या वाटेने परत जाता येते. एखाद्या कल्पित जगात काळाचा गोंधळ माजला आणि तो धोकादायक आहे असे निवेदक सांगू लागला, तर साहित्याच्या विद्यार्थ्याने आधी विचारावे की या जगात एरवी वेळ कोण ठरवत होते, आणि ती कोणाला जाचत होती. सोलापूरच्या स्थानकावर गाडी चुकलेल्या माणसालाही हाच प्रश्न पडला असता. त्याच्या लेखी तो अगदी वेळेवर आला होता.