भालजी पेंढारकर : 'जयप्रभा'चा आधारवड

मराठी चित्रपटाच्या इतिहासात दिग्दर्शक म्हणून भालजी पेंढारकर यांचे नाव आदराने घेतले जाते. तथापि निर्माता आणि स्टुडिओचालक या नात्याने त्यांनी केलेले कार्यही तितकेच मोलाचे आहे. कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ हे त्या कार्याचे केंद्र होते.

कोल्हापुरात जन्मलेले भालचंद्र गोपाळ पेंढारकर हे नामवंत अभिनेते बाबूराव पेंढारकर यांचे धाकटे बंधू. मूकपटांच्या काळातच ते या व्यवसायात आले. त्यांचा 'वंदे मातरम् आश्रम' (१९२६) ब्रिटिश सेन्सॉरच्या कात्रीत सापडला होता. १९३२ मधील 'श्यामसुंदर' या बोलपटाने मुंबईत रौप्यमहोत्सव साजरा केला.

'प्रभात फिल्म कंपनी' १९३३ मध्ये पुण्यास गेली. चित्रपट व्यवसाय कोल्हापुरातून नाहीसा होऊ नये, म्हणून छत्रपती राजाराम महाराजांच्या आश्रयाने 'कोल्हापूर सिनेटोन' उभी राहिली. भालजींनी तेथे 'आकाशवाणी' (१९३४) दिग्दर्शित केला. पुढे चाळिसच्या दशकात हीच वास्तू त्यांच्याकडे आली आणि 'जयप्रभा स्टुडिओ' या नावाने प्रसिद्धी पावली. 'महारथी कर्ण' (१९४४) आणि राज कपूर यांनी नारदाची भूमिका केलेला 'वाल्मीकी' (१९४६) हे याच कालखंडातील चित्रपट. अभिनेत्री सुलोचना यांची जडणघडणही याच स्टुडिओत भालजींच्या हाताखाली झाली.

१९४८ मध्ये गांधीहत्येनंतर उसळलेल्या दंगलीत 'जयप्रभा'ला आग लावण्यात आली. यंत्रसामग्रीबरोबरच 'मीठभाकर' या चित्रपटाचेही चित्रीकरण भस्मसात झाले. भालजींनी कर्ज काढून स्टुडिओ पुन्हा उभारला, 'मीठभाकर' नव्याने चित्रित करून पडद्यावर आणला आणि १९५२ मध्ये 'छत्रपती शिवाजी' हा भव्य ऐतिहासिक चित्रपट मराठी व हिंदीत सादर केला. मात्र कर्जाचा बोजा उतरला नाही. अखेर १९५९ च्या सुमारास स्टुडिओची मालकी लता मंगेशकर यांच्याकडे गेली.

मालकी गेल्यानंतरही भालजींचे 'जयप्रभा'शी असलेले नाते संपले नाही. 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३), 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४), 'साधी माणसं' (१९६५) आणि दादा कोंडके यांचे पदार्पण ठरलेला 'तांबडी माती' (१९६९) हे त्यांचे गाजलेले चित्रपट त्यानंतरचे आहेत. या चारही चित्रपटांचे संगीत लताबाईंनी 'आनंदघन' या नावाने दिले. 'साधी माणसं'मध्ये गाव सोडून शहरात आलेल्या लोहार दांपत्याची कथा होती. इतिहासपटांच्या या निर्मात्याला कष्टकऱ्यांच्या जगण्याचीही तेवढीच जाण होती, हे त्यातून दिसले.

१९९१ च्या दादासाहेब फाळके पुरस्काराने भालजींचा गौरव झाला. २६ नोव्हेंबर १९९४ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले. २०२२ मध्ये 'जयप्रभा'च्या जागेच्या विक्रीचे वृत्त समजताच कोल्हापुरातील चित्रपट व्यावसायिक आंदोलनात उतरले. मुंबई-पुण्याबाहेर, जिल्ह्याच्या गावी राहूनही चित्रपटाचा संसार चालविता येतो, हा विश्वास ज्या वास्तूने दिला, तिच्यासाठी हा लढा होता. आगीतून आणि कर्जातून ती वास्तू जिवंत ठेवणे, हेच भालजींच्या निर्माता म्हणून केलेल्या कारकिर्दीचे सार म्हणता येईल.