गौरी आणि ऑउदोंग : पडद्यावरचा शृंगार, कागदांवरचा इतिहास

३१ ऑगस्ट १७९१. पुण्याचा कोतवाल घाशीराम सावळादास याला संतप्त जमावाने दगडांनी ठेचून मारले. दक्षिणेसाठी आलेले तेलंगी ब्राह्मण त्याच्या कोठडीत कोंडले गेले होते आणि एका रात्रीत त्यांतले वीसहून अधिक गुदमरून मेले होते.

मोरोबा कान्होबांनी १८६३ मध्ये या कोतवालावर पुस्तक लिहिले. पण आज घाशीराम म्हटले की आठवते ती विजय तेंडुलकरांची गौरी. कोतवालीच्या मोबदल्यात बाप आपली कोवळी मुलगी नाना फडणविसांच्या हवाली करतो आणि ती बाळंतपणात मरते. बावनखणी, लावणी, कीर्तन आणि वासना एकाच रंगमंचावर आणणारे हे नाटक १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात आले आणि १९ प्रयोगांनंतर संस्थेनेच ते थांबवले. पुढे थिएटर अकादमीने ते पुन्हा उभे केले. तेंडुलकरांनी त्याला ‘अनैतिहासिक’ म्हटले होते. विरोधकांना मात्र त्यात नानांची बदनामीच दिसली.

१९७६ मध्ये, ऐन आणीबाणीत, ‘युक्त’ या सहकारी गटाने त्यावर चित्रपट केला. मोहन आगाशे नाना झाले, तर ओम पुरी घाशीराम. सत्तेचा माज दाखवण्यासाठी दूरचा काळ सोयीचा असतो.

कोरियात लष्करशहा चुन दू-ह्वान यांच्या राजवटीत हेच घडले. राजकारणावर बोलायला बंदी, शृंगाराला मात्र सवलत. परिणामी जोसन काळातील प्रौढांसाठीचे चित्रपट बहरले. ली जांग-हो यांचा ‘ऑउदोंग’ (१९८५) त्यांतला गाजलेला. त्यांपैकी कित्येक निव्वळ गल्लाभरू होते, हेही खरे.

मात्र एक फरक मोठा आहे. गौरी ही नाटकातली, ऑउदोंग खरी. उच्चकुलीन घरातल्या या स्त्रीला अनेक पुरुषांशी संबंध ठेवल्याच्या आरोपावरून राजा सोंगजोंगच्या काळात, १४८० मध्ये, देहदंड झाला. दरबाराच्या अधिकृत बखरीत तिचा खटला नोंदलेला आहे. तिच्यासोबत नावे आलेले सरदार-अधिकारी बहुतेक सौम्य शिक्षेवर सुटले.

पुण्यातही कोतवाल मेला. नाना मात्र पुढेही कारभारात राहिले, मध्यंतरी कैदही भोगून परतले आणि १३ मार्च १८०० रोजी वारले, तेव्हाही कारभारीच होते.