वणवा विझवायला कोण जाणार?

फेब्रुवारी-मार्चमध्ये चाकणहून वासुलीकडे जाताना भामचंद्र डोंगराचा उतार मी कधी कधी काळा पडलेला पाहतो. खाली कंपन्यांच्या शेड, वर जळलेलं गवत. लहानपणी घरी ऐकलेलं आठवतं: जाळलं की पावसात गवत जोमानं येतं. ही समजूत जुनी, आणि तिच्याविरुद्धचा कायदाही जुनाच.

१८७८च्या वन कायद्याने राखीव जंगलात आग लावणं गुन्हा ठरवलं. १९२७च्या कायद्याच्या कलम २६ने ते कायम ठेवलं. पण मला जास्त बोलकं वाटतं कलम ७९. जंगलात गुरं चारायची किंवा वनोपज न्यायची ज्यांना परवानगी आहे, त्यांनी वणव्याची खबर द्यावी आणि तो विझवायलाही जावं, असं ते सांगतं. चराईवर बंधनं घालणाऱ्या सरकारलाही आगीच्या वेळी भरवसा गुराख्याचाच होता.

आज उपग्रह आग टिपतो आणि भारतीय वन सर्वेक्षणाचा इशारा मोबाइलवर येतो. २०१८च्या राष्ट्रीय वणवा कृती आराखड्यानेही लोकसहभागावर भर दिला. आमच्या पट्ट्यात मात्र गोठे रिकामे झाले. न चरलेलं, न कापलेलं गवत उन्हाळ्यात वाळून उभं असतं. जाळरेषा काढल्या तरी त्या राखायला माणूस लागतो.

इशारा पोचतो. हिरवी फांदी घेऊन डोंगर चढणारा गडी तेव्हा दुसऱ्या पाळीला गेलेला असतो.