‘लेझामाँ’ : एका प्रेमरात्रीचा खटला

लुई माल या पंचविशीतल्या फ्रेंच दिग्दर्शकाच्या ‘लेझामाँ’, म्हणजे ‘प्रेमी’, या चित्रपटाला १९५८ साली व्हेनिस महोत्सवात परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले आणि त्याच सुमारास कॅथलिक वर्तुळातून त्याच्यावर अनीतीचा आरोपही झाला. दिजाँ येथील वृत्तपत्रमालकाची पत्नी झान हिची मोटार वाटेत बंद पडते, एक तरुण पुरातत्त्व-अभ्यासक तिला घरी पोचवतो, आणि त्याच रात्री त्याच्यावर अनुरक्त झालेली ती पहाटे नवरा, घर व लहान मुलगी मागे ठेवून त्याच्याबरोबर निघून जाते. छायालेखक आंरी दकाए याने चांदण्यातले उद्यान आणि पाण्यावर संथ सरकणारी होडी ब्राम्सच्या तंतुवाद्य-षट्काच्या सुरांवर अशी चित्रित केली आहे की, प्रणय देहाआधी प्रकाशातच सुरू झाल्याचा प्रत्यय येतो. त्रुफोसारख्या समीक्षकाने या रात्रीला सिनेमातील पहिली प्रेमरात्र मानले, ते यथार्थच होय. परंतु खरी खळबळ शय्यादृश्यापेक्षा शेवटाने माजवली असावी, कारण घर सोडणाऱ्या स्त्रीला पश्चात्ताप किंवा मृत्यू भोगायला लावण्याची रूढी मालने मोडली. पहाटे आरशात स्वतःला न्याहाळताना झान भ्यालेली दिसते, तरी परत फिरत नाही.

अमेरिकेत ओहायो राज्यातील क्लीव्हलँड हाइट्स येथे हा चित्रपट दाखवणाऱ्या चित्रपटगृहाचे व्यवस्थापक निको जेकोबेलिस यांना २५०० डॉलर दंड झाला, आणि सरकार पक्षाचा सारा रोख अखेरच्या रिळातील प्रणयदृश्यावरच राहिला. १९६४ च्या जूनमध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी शिक्षा रद्द केली, मात्र कारणांबाबत बहुमतातील न्यायमूर्तींचेही एकमत झाले नाही: ब्रेनन यांनी संपूर्ण कलाकृतीचा विचार करणारा राष्ट्रव्यापी निकष पुढे केला, तर स्ट्यूअर्ट यांनी अश्लीलतेची व्याख्या करणे टाळून ती पाहताच आपल्याला ओळखू येते आणि हा चित्रपट तसा नाही, एवढेच नोंदवले.

त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतील एका पुस्तकविक्रेत्याची लॉरेन्सच्या ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ या कादंबरीच्या विक्रीबद्दलची शिक्षा कायम केली. त्या निकालाचा आधार होती १८६८ ची ‘हिक्लिन कसोटी’, म्हणजे वाईट प्रभावाला सहज बळी पडणाऱ्या मनांना मजकूर बिघडवू शकतो का, हे पाहणारा इंग्रजी निकष.