हेगच्या न्यायालयातला सरंजाम

जगाच्या नकाशावर काही देश इतके लहान असतात की त्यांचे नाव लिहावयास नकाशाकाराला समुद्रात जागा शोधावी लागते. पण ज्याचे नाव देश म्हणून कोणत्याच नकाशावर आले नाही, असा एक मुलूख महाराष्ट्राच्या उंबरठ्यावर सात वर्षे आपला कारभार आपणच करीत होता. दादरा आणि नगर हवेली हा तो मुलूख. क्षेत्रफळ सुमारे ४९० चौरस किलोमीटर, खेडी ७२, आणि १९६१ च्या शिरगणतीप्रमाणे वस्ती ५८ हजारांच्या आत. त्यांत बहुतेक वारली, धोडिया, कोकणा हे आदिवासी. २ ऑगस्ट १९५४ रोजी सिल्वासा मुक्त झाले, तेव्हापासून ११ ऑगस्ट १९६१ पर्यंत हा प्रदेश पोर्तुगालच्या हाती उरला नव्हता आणि कायद्याने भारताचाही झाला नव्हता. मग तो होता कोणाचा? हा वाद हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयापर्यंत गेला, आणि तेथे ज्या कागदांचा कीस निघाला ते पुणे दरबारचे कागद होते.

१७३९ साली चिमाजी आप्पांनी वसई घेतली. उत्तर कोकणातील पोर्तुगीज सत्तेचा कणा त्यामुळे मोडला. दमण मात्र त्यांच्याकडे राहिले. पुढे १७७२ मध्ये मराठी आरमाराने पोर्तुगीजांचे ‘सांताना’ हे लढाऊ जहाज पकडले, आणि त्याच्या भरपाईची तक्रार पुण्यास सुरू झाली. १७७९ च्या डिसेंबरात पेशवे सवाई माधवराव अवघे पाच वर्षांचे होते. कारभार नाना फडणिसांच्या हाती होता आणि इंग्रजांशी युद्ध चालू होते. अशा वेळी पश्चिम किनाऱ्यावर आणखी एक टोपीकर शत्रू पाठीशी उभा राहू नये, एवढाच हिशेब त्या मुत्सद्द्याने केला असावा. १७ डिसेंबर रोजी तह झाला. दमणच्या बाजूची बारा हजार रुपये वसुलाची गावे पोर्तुगीजांकडे लावून द्यावयाची ठरली, आणि १७८३ व १७८५ साली सनदा होऊन गावे नेमून देण्यात आली.

या सनदांनी दिले काय, हा सगळ्या वादाचा गाभा. सनदांत शब्द होते ते जहागीर आणि सरंजाम यांचे. मराठी माणसाला ते समजावून सांगावे लागत नाहीत. तरीही एक उदाहरण घेणे बरे. १६३८ मध्ये विजापूरच्या रणदुल्लाखानाबरोबर स्वारीस गेलेल्या शहाजीराजांनी केंपेगौडाकडून बेंगळूर घेतले आणि ते त्यांना जहागीर म्हणून मिळाले. शहराच्या उत्तरेस हेब्बाळ म्हणून गाव आहे. आता ते बेंगळूरच्या पोटात गेले असले तरी त्याचा जुना तलाव अद्याप आहे. गाव फार प्राचीन. तेथे २०१८ मध्ये सापडलेल्या, इसवी सन ७५० च्या सुमाराच्या शिलालेखात या भागाला ‘पेर्बोळल्‌नाडू’ म्हटले असून तो तीस गावांचा नाडू होता. गंग गेले, गौडा गेले, आदिलशाही आली. गावांची गणती आणि वसूल तेवढा राहिला. शहाजीराजांच्या हाती आला तो हा वसूल, आणि त्याबरोबर फौज बाळगण्याची जबाबदारी. मुलुखाचा धनी विजापूरचा सुलतानच. १६४८ मध्ये सुलतानाची मर्जी फिरली, शहाजीराजे कैद झाले, आणि त्यांच्या सुटकेसाठी शिवाजीराजांना कोंढाणा व संभाजीराजांना बेंगळूर सोडण्याची अट मान्य करावी लागली. जे धन्याने मागताच परत करावे लागते त्याला राज्य म्हणत नाहीत, जहागीर म्हणतात.

पुणे दरबाराने पोर्तुगीजांना दिले ते याच जातीचे होते. पण १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि देणाराच नाहीसा झाला. त्याच्या जागी आलेल्या इंग्रजांनी या गावांबद्दल कधी वाद काढला नाही. त्यांना गोऱ्या शेजाऱ्याशी तंटा नको होता आणि ती रानातली खेडी त्यांच्या खिजगणतीतही नव्हती. पोर्तुगीज आपला सरंजाम आपले राज्य म्हणून वापरू लागले. दमणहून दादऱ्यास आणि पुढे सिल्वाशास जावयाचे तर मध्ये ब्रिटिश मुलूख लागे. व्यापारी, पाद्री, मुलकी अंमलदार बिनहरकत ये-जा करीत. १८७८ च्या तहानंतर हत्यारबंद शिपायांना मात्र आधी परवानगी घ्यावी लागे. हा बारकावा त्या वेळी कोणाच्या ध्यानातही राहिला नसेल. पाऊणशे वर्षांनी तोच निर्णायक ठरला.

१९५४ च्या जुलैत फ्रान्सिस मास्कारेन्हस यांच्या नेतृत्वाखाली गोमंतकीय स्वयंसेवकांनी दादरा घेतला. २८ जुलै रोजी नरोली पडले आणि २ ऑगस्टला सिल्वासा. या दुसऱ्या चढाईत आझाद गोमंतक दलाबरोबर पुण्याकडचे तरुण होते. राजा वाकणकर, सुधीर फडके, बाबासाहेब पुरंदरे ही नावे त्यांत आढळतात. मोहिमेच्या निधीसाठी पुण्यात लता मंगेशकरांच्या गाण्याचा कार्यक्रम झाला होता. डहाणू-तलासरीच्या वारली चळवळीत तयार झालेले कम्युनिस्ट कार्यकर्तेही या लढ्यात होते. एरवी एकमेकांची तोंडे न पाहणारे पक्ष एका रानात एकत्र आले, ही गोष्टही थोडी नव्हे. दमणहून कुमक पाठवावयास पोर्तुगालने वाट मागितली; भारताने ती दिली नाही.

२२ डिसेंबर १९५५ रोजी पोर्तुगालने हेगला दावा दाखल केला. भारताच्या बाजूने ॲटर्नी जनरल मोतीलाल सेटलवाड उभे राहिले. भारताने नेमलेले न्यायाधीश म्हणून न्यायासनावर महंमद करीम छगला होते. निकाल १२ एप्रिल १९६० रोजी लागला. न्यायालयाने म्हटले की १७७९ च्या तहाच्या मजकुरावरून सार्वभौमत्व दिल्याचे निष्पन्न होत नाही. सनदांनी दिला तो केवळ वसुलाचा हक्क, म्हणजे जहागीर अथवा सरंजाम. आणि अशा देणगीचा अर्थ सार्वभौमत्वाचे दान असा झाल्याचे एकही उदाहरण दाखविण्यात आलेले नाही. नानांच्या कारकुनांची लेखणी पावणेदोनशे वर्षांनी अशी कामास आली.

पण निकालाला दुसरी बाजू आहे, आणि ती आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. शब्द सरंजामाचा असला तरी इंग्रजांनी पोर्तुगीजांचे राज्य व्यवहारात मानले आणि स्वतंत्र भारतानेही ते मुकाट्याने चालू दिले. म्हणून ते पोर्तुगालचे झाले होते, असेही न्यायालयाने ठरविले. कागद मराठ्यांच्या बाजूचा होता, मौन पोर्तुगीजांच्या. वाटेचा हक्क खाजगी माणसे, मुलकी अंमलदार आणि माल यांच्यापुरता मानला गेला. फौज, हत्यारबंद पोलीस व दारूगोळा यांच्यासाठी नाकारला गेला. १९५४ मधील तणावाच्या परिस्थितीत वाट बंद करण्यात भारताने कर्तव्यभंग केला नाही, असाही निर्वाळा मिळाला.

मधल्या काळात सिल्वाशास आप्पासाहेब करमळकर पहिले प्रशासक झाले आणि वरिष्ठ पंचायत कारभार पाहू लागली. या पंचायतीने १९६१ च्या जूनमध्ये विलीनीकरणाचा ठराव केला, तेव्हा एक विलक्षण अडचण उभी राहिली: भारताच्या पंतप्रधानांबरोबर करारावर सही करावयाची तर समोरही त्याच मानाचा माणूस हवा. म्हणून प्रशासक असलेले बदलानी हे भारतीय प्रशासन सेवेतील अधिकारी एका दिवसापुरते पंतप्रधान झाले आणि नेहरूंसमवेत त्यांनी सही केली. दहाव्या घटनादुरुस्तीने ११ ऑगस्ट १९६१ पासून हा प्रदेश भारताचा झाला. त्याच ऑगस्टच्या आरंभी आफ्रिकेत, नुकत्याच स्वतंत्र झालेल्या डाहोमीने, म्हणजे आताच्या बेनिनने, व्हिदा येथील किल्ला पोर्तुगीजांकडून घेतला होता. तोही असाच चारी बाजूंनी परक्या भूमीने वेढलेला. पोर्तुगीज अंमलदार जाता जाता त्याला आग लावून गेले.

१९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा आणि दमण मुक्त झाले. पोर्तुगालने मात्र हे सारे लेखी मान्य केले ते ३१ डिसेंबर १९७४ रोजी, लिस्बनमधील हुकूमशाही कोसळल्यानंतर. २६ जानेवारी २०२० पासून दमण, दीव, दादरा आणि नगर हवेली यांचा मिळून एकच केंद्रशासित प्रदेश झाला आहे. दमणहून सिल्वाशास जाताना मध्ये गुजरातची वापी अजून लागते.